खेळाडूला बोलतं करणारा माणूस



लढाईचा इतिहास लिहिताना आम्ही फौजी दोन गोष्टी शेजारी ठेवतो. एक पलटणीची युद्ध-दैनंदिनी आणि दुसरी जवानाच्या तोंडची हकिकत. दैनंदिनीत वेळ आणि ठिकाण सापडतं. तिथे उभ्या असलेल्या माणसाच्या मनात काय चाललं होतं, ते हकिकतीतच कळतं.

खेळाच्या इतिहासात ही दुसरी बाजू जपली अमेरिकेच्या बड ग्रीनस्पॅन यांनी. मूळचे रेडिओवरचे क्रीडा-वार्ताहर. १९५२च्या हेलसिंकी ऑलिंपिकमधले सुवर्णविजेते कृष्णवर्णीय वेटलिफ्टर जॉन डेव्हिस यांच्यावर त्यांनी पहिला लघुपट केला. १९६४मध्ये ते जेसी ओवेन्सना बर्लिनच्या ऑलिंपिक स्टेडियममध्ये घेऊन गेले. याच मैदानावर १९३६ साली, हिटलरच्या डोळ्यांसमोर, ओवेन्सनी चार सुवर्णपदकं जिंकली होती. आता ते तिथे उभे राहून स्वतःच आठवणी सांगत होते.

लांब उडीतला प्रतिस्पर्धी लुट्झ लाँग याने पात्रता फेरीत आपल्याला मोलाचा सल्ला दिला, असं ओवेन्स सांगत. लाँग १९४३मध्ये सिसिलीच्या लढाईत जखमी होऊन मरण पावला. त्या सल्ल्याच्या गोष्टीबद्दल पुढे अभ्यासकांनी शंका घेतली. दोघांची मैत्री मात्र खरी होती. म्हणजे हकिकत ऐकायची, जपायची आणि कागदाशी ताडूनही पाहायची. पण ताडून पाहायला आधी ती हकिकत हाताशी हवी ना?

आता त्याच हेलसिंकीकडे वळू. २३ जुलै १९५२ रोजी सातारा जिल्ह्यातल्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवलं. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. लोकवर्गणीतून ते तिथवर पोचले होते. दोन कुस्त्यांच्या मध्ये त्यांना पुरेशी विश्रांती मिळू दिली नाही, असं आजही सांगतात. निकालपत्रकात कोण जिंकलं, कोण हरलं एवढंच असतं. दम लागलेला असताना पुन्हा गादीवर उतरताना काय वाटलं, हे खाशाबांनीच सांगायचं होतं. १९८४मध्ये रस्ते-अपघातात ते गेले. अर्जुन पुरस्कार मिळाला तोही मरणोत्तर.

ओवेन्स १९८०मध्ये वारले. त्यांचा आवाज मात्र आजही ऐकता येतो, कारण कोणीतरी वेळेवर कॅमेरा लावला आणि त्यांना मोकळेपणाने बोलू दिलं.

तुम्ही बडोद्यात असा, इंदुरात, बेळगावात की हैदराबादेत, तुमच्या आसपास एखादा जुना पैलवान, हॉकीपटू किंवा खो-खोची खेळाडू नक्की असेल. पदक असो वा नसो. मोबाइल तर प्रत्येकाच्या खिशात आहे. त्यांच्या शेजारी बसा. जिंकलेल्या सामन्याबरोबर हरलेल्याबद्दलही विचारा, आणि त्या बोलत्या झाल्या, ते बोलते झाले, की मध्ये तोडू नका. कागदाशी पडताळणी नंतरही करता येते, पण गेलेल्या माणसाला प्रश्न विचारता येत नाही.

जय हिंद!