मिस्ड कॉल : एका निःशब्द संकेताचा इतिहास

संपर्कसाधनांचा इतिहास लिहिताना आपण पत्र, तार, दूरध्वनी अशी वंशावळ मांडतो. त्यांच्या दरपत्रकांनी माणसांच्या बोलण्याला दिलेला आकार मात्र बहुधा दुर्लक्षित राहतो. तारेची काटकसरी भाषा शब्दागणिक होणाऱ्या आकारणीतून घडली. भ्रमणध्वनीवरील ‘मिस्ड कॉल’ हे त्याच परंपरेचे पुढचे टोक होय.

३१ जुलै १९९५ रोजी ज्योती बसू यांनी कलकत्त्याहून केंद्रीय दूरसंचारमंत्री सुखराम यांच्याशी केलेले संभाषण हे भारतातील पहिले भ्रमणध्वनी-संभाषण मानले जाते. त्या काळी कॉल घेणाऱ्यालाही पैसे पडत. २००३ मध्ये येणारे कॉल निःशुल्क झाले. न उचललेल्या कॉलला आकारणी नव्हतीच. या फटीतून एक संकेतव्यवस्था उभी राहिली. एक घंटी म्हणजे ‘पोहोचलो’, दोन म्हणजे ‘तूच फोन कर’. अर्थ त्या दोघांपुरता, आधी ठरलेला. मिस्ड कॉल द्यायचा तो मुलाने वडिलांना, नोकराने मालकाला. नात्यांची उतरंडही त्यात उमटली.

२०१६ मध्ये जिओच्या आगमनानंतर बोलण्याचा वेगळा दर उरला नाही आणि हा संकेत मागे पडला. डिजिटल साधनांनी जिव्हाळा आटवला, हे विधान म्हणूनच अपुरे वाटते. टंचाईतही जिव्हाळ्याने आपली लिपी शोधली होती. तिचा पुरावा मात्र उरला नाही. पत्रे ट्रंकेत टिकली, घंटी वाजून विरली. पत्रवाङ्मयाच्या तौलनिक अभ्यासकाला ही लिपी आता भारतीय भाषांतील कथा-कादंबऱ्यांत आणि ती वापरलेल्या पिढीच्या आठवणींतच शोधावी लागेल; आणि ती पिढी हयात असेतोच हे काम शक्य आहे.