ग्रँटसाहेबांचे बंद न्यायालय

सरकारी अंमलदाराने न्यायालयाचा हुकूम पाळला नाही म्हणून त्याच्यावर अवमानाची नोटीस निघाली, अशी बातमी वाचली की मला हटकून १ एप्रिल १८२९ हा दिवस आठवतो. त्या दिवशी सर जॉन पीटर ग्रँट ह्या न्यायाधीशाने मुंबईचे सुप्रीम कोर्टच बंद केले.

कारण घडले पुण्यात. मोरो रघुनाथ हा चौदा वर्षांचा मुलगा पांडुरंग रामचंद्र ढमढेरे ह्या वडीलधाऱ्या आप्ताच्या ताब्यात होता. त्याला डांबून ठेवल्याची तक्रार मुंबईस पोचली आणि १८२८ साली कोर्टाने मुलाला समोर हजर करण्याचा, म्हणजे हेबियस कॉर्पसचा, हुकूम काढला.

पेशवाई बुडून तेव्हा दहाच वर्षे झाली होती. सरदार-मानकऱ्यांचे मन राखण्यासाठी एल्फिन्स्टनने त्यांना साध्या कोर्टकचेऱ्यांपासून बरेचसे मोकळे ठेवले होते. आता मुंबईचे कोर्ट थेट पुण्याच्या वाड्यांत शिरले तर बसलेली घडी विसकटेल, असे गव्हर्नर सर जॉन माल्कम ह्यांना वाटले. ही भीती अगदीच पोकळ होती असे मी म्हणणार नाही.

पण त्यांनी केले काय? ३ ऑक्टोबर रोजी न्यायाधीशांना सरळ पत्र धाडले, की मुंबई बेटाबाहेर असले हुकूम चालू देणार नाही! मुख्य न्यायाधीश सर एडवर्ड वेस्ट ऑगस्टमध्येच वारले होते. पत्रानंतर दहा दिवसांत सर चार्ल्स चेंबर्सही गेले. उरले एकटे ग्रँट. फौज आणि खजिना दोन्ही माल्कमच्या हाती. न्यायाधीशाजवळ असतो तो फक्त शब्द, आणि तो पाळायचाच नाही असे सरकारने ठरवले तर कचेरी उघडून बसायचे कशाला? कोर्टाचा अधिकार मानला जाईल अशी हमी मिळेपर्यंत ग्रँटनी कामकाज थांबवले.

शेवटी ते हरले. मे १८२९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने असे हुकूम कोर्टाच्या अधिकाराबाहेरचे ठरवले. निकालाआधीच लॉर्ड एलनबरो ह्यांनी माल्कमना खाजगी पत्रात कळवले होते, की दोन नव्या न्यायाधीशांच्या मधोमध ग्रँट म्हणजे दोन माणसाळलेल्या हत्तींमधला रानहत्ती होईल. ते पत्र पुढे वर्तमानपत्रांत फुटले आणि बराच गवगवा झाला.

माल्कम कायद्याने बरोबर ठरले, तरी माझे मन त्यांच्या बाजूला जात नाही. हुकूम चुकीचा वाटला तर वरच्या दरबारात दाद मागावी; तोवर तो मोडू नये. प्रत्येक कारभारी आपल्यापुरता न्यायाधीश बनला, तर दुबळ्याने जावे कोठे? स्वतंत्र भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने हेच बजावले. लाकूड गिरण्यांविषयीचा आपला आदेश डावलला म्हणून मे २००६ मध्ये त्याने महाराष्ट्राच्या एका मंत्र्याला आणि एका प्रधान सचिवाला महिनाभर तुरुंगवास दिला. १८२९ साली माल्कमना असे कोणी विचारणारे नव्हते.

आणि मोरो रघुनाथ? लंडनमध्ये काथ्याकूट झाला तो कोर्टाच्या हद्दीचा. त्या मुलाला डांबणे न्याय्य होते काय, हा मूळ प्रश्न तसाच राहिला. हुकूम मोडतो अंमलदार, मानहानी होते न्यायालयाची. पण दाराआड अडकून पडतो तो भलताच कोणी.