विजयदुर्गाचे भूशिर

सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या उत्तर सीमेवर वाघोटनची खाडी समुद्रास मिळते. तिच्या दक्षिण तीरावरून कातळाचे एक टोक पाण्यात शिरले आहे. त्याच टोकावर विजयदुर्ग उभा आहे. पश्चिमेस उघडा सागर, उत्तरेस खाडी आणि जमिनीच्या बाजूस एके काळी खंदक, अशी ही रचना. खाडीच्या मुखाशी वाळूचा बांध नाही. त्यामुळे ऐन पावसाळ्यातही गलबतांस येथे आसरा मिळे. जवळच गिर्ये गावी खडकात खोदलेली गोदी आजही पाहावयास मिळते.

शिवछत्रपतींनी हा दुर्ग आदिलशाहीकडून घेऊन बळकट केला. परंतु त्याचा दरारा वाढविला तो कान्होजी आंग्र्यांनी. इंग्रजांनी १७१७ व १७२० साली आणि डचांनी १७२४ साली त्यावर हल्ले केले. दोघांसही हात हालवीत परतावे लागले.

१७२९ मध्ये कान्होजी निवर्तले आणि त्यांच्या पुत्रांत कलह माजला. पुढे विजयदुर्ग तुळाजींकडे आला. तुळाजी शूर खरे, पण ते पेशव्यांची सत्ता जुमानीत नसत. त्यांना नमविण्यासाठी नानासाहेब पेशव्यांनी १७५५ साली मुंबईकर इंग्रजांशी करार केला. घरचे भांडण मिटविण्यास परक्याचे आरमार बोलाविले गेले.

१२ फेब्रुवारी १७५६ रोजी वॉटसनच्या आरमाराने तोफांचा भडिमार सुरू केला. आंग्र्यांची जहाजे किल्ल्याच्या आश्रयास दाटीने नांगरलेली होती. एका जहाजास आग लागली आणि ती एकावरून दुसऱ्यावर पसरत गेली. ज्या बंदराने त्यांना वर्षानुवर्षे वादळापासून वाचविले, तेथेच ती भस्मसात झाली. दुसऱ्या दिवशी क्लाइव्हची फौज किल्ल्यात शिरली. तुळाजी पेशव्यांचे कैदी झाले आणि कैदेतच त्यांचा अंत झाला.

किल्ला पेशव्यांच्या हाती लगेच आला नाही. बाणकोट पदरात पडल्यानंतरच इंग्रजांनी तो सोडला. पेशव्यांनी येथे पुन्हा आरमार उभारले. आनंदराव धुळपांनी त्याची कीर्तीही राखली. पण इंग्रजांस समुद्रावर रोखून धरणारे पहिले बळ राखेत गेले ते गेलेच. वॉटसन आणि क्लाइव्ह हीच जोडी त्याच वर्षाच्या अखेरीस बंगालमध्ये उतरली आणि जून १७५७ मध्ये प्लासीची लढाई झाली. १८१८ साली विजयदुर्गही इंग्रजांच्या ताब्यात गेला.

तुळाजींस आवर घालणे पेशव्यांस आवश्यक वाटले, हे समजण्यासारखे आहे. परंतु माणसाला आवरणे निराळे आणि आरमार बुडू देणे निराळे. सेनापती बदलता येतो. पिढ्यांच्या श्रमांतून घडलेली नौका व नाविक यांची परंपरा एका करारावर परत मिळत नाही.

२०२५ साली मराठ्यांच्या इतर किल्ल्यांबरोबर विजयदुर्गासही जागतिक वारशाचा मान मिळाला. तट पाहावयास येणाऱ्याने बुरुजावरून क्षणभर खाडीकडेही पाहावे. या भूशिराचे खरे बळ त्या पाण्यावर होते.