नकाशा आणि भूमीची स्मृती

मराठीच्या वर्गात महानुभाव गद्य शिकविताना 'स्थानपोथी'चा उल्लेख बहुधा 'लीळाचरित्रा'चा पूरक ग्रंथ म्हणून केला जातो आणि आपण पुढे जातो. वस्तुतः चौदाव्या शतकातील या ग्रंथाचे मोल भूगोलाच्या दृष्टीनेही मोठे आहे. श्रीचक्रधरस्वामींचे वास्तव्य ज्या ज्या गावी घडले, तेथील देऊळ गावाच्या कोणत्या दिशेस, त्याचे दार कोणीकडे, नदी कोठे, याच्या नोंदी त्यात आहेत. एकही रेषा न ओढता केवळ शब्दांनी काढलेला हा नकाशाच होय. गोदातीरापासून वऱ्हाडातील रिद्धपुरापर्यंतची भूमी त्यात येते. मात्र तिचे मोल तेथे कोणाचे पाऊल पडले, यावरून ठरते.

साडेचार शतकांनंतर याच प्रदेशातून निराळ्या प्रकारची मोजणी गेली. विल्यम लँबटन याने १० एप्रिल १८०२ रोजी मद्रासजवळील सेंट थॉमस माउंट येथे तिचा आरंभ केला. साखळीने एक आधाररेषा काटेकोर मोजावयाची, तिच्या दोन्ही टोकांवरून दूरच्या टेकडीचे कोन थिओडोलाइटने घ्यावयाचे आणि त्रिकोणाला त्रिकोण जोडीत पुढे सरकावयाचे, अशी ही पद्धत. ठरावीक अंतरावर नवी आधाररेषा मोजून आधीचे गणित पडताळले जाई. अशी एक रेषा १८१५ साली बीदर परिसरात दामरगिद्दा येथे आणि दुसरी १८२२ साली वऱ्हाडात टाकरखेडा येथे मोजण्यात आली.

या कामाचे ठाणे काही वर्षे आपल्या हैदराबादेत होते. १८१८च्या अखेरीस जॉर्ज एव्हरेस्ट येथेच लँबटनला येऊन मिळाला. पुढच्याच वर्षी कृष्णा-गोदावरीमधील जंगलात काम करीत असता तो व त्याचे बहुतेक सहकारी तापाने अंथरुणास खिळले. त्यांना हैदराबादेस उचलून आणावे लागले. काही जण दगावले. २० जानेवारी १८२३ रोजी नागपूरकडे जाताना हिंगणघाट येथे लँबटनचे निधन झाले. त्याचे थडगे तेथेच आहे. हिमालयातील सर्वोच्च शिखरास पुढे एव्हरेस्टचे नाव मिळाले. निशाणे घेऊन टेकड्या चढणाऱ्या खलाशांची नावे मात्र बहुतांशी हरवली.

या गणिताने पृथ्वीचा आकार अधिक अचूक कळला, हे त्याचे श्रेय निर्विवाद आहे. परंतु त्या दृष्टीला टेकडी म्हणजे एक बिंदू. तिच्या पायथ्याशी असलेल्या तलावाचे पाणी फुटले तर कोठे जाईल, हा प्रश्न तिच्या कक्षेत येत नव्हता.

तो प्रश्न २८ सप्टेंबर १९०८ रोजी हैदराबादपुढे उभा राहिला. मुसी नदीच्या महापुरात हजारो माणसे मृत्युमुखी पडली. अफजलगंजच्या चिंचेच्या झाडाने सुमारे दीडशे जणांना आधार दिला, ही हकिकत हैदराबादकरांना ठाऊक आहे. पुढे सर मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या यांनी या आपत्तीचा अभ्यास केला. मुसीच्या खोऱ्यातील ७८८ तलावांपैकी २२१ तलाव फुटले होते. त्यातूनच उस्मानसागर (१९२०) व हिमायतसागर (१९२७) उभे राहिले.

महापुरानंतरच्या दशकात लिओनार्ड मन यांच्या देखरेखीखाली शहराची तपशीलवार मोजणी झाली. त्या नकाशांत घरे आहेत, गल्ल्या आहेत. तशाच विहिरी, बागा आणि तलावही आहेत. येथे नकाशाची दृष्टी बिंदूवरून वस्तीकडे वळली, असे म्हणावे लागेल.

आज त्या नकाशांतील किती पाणी उरले आहे? 'माँसाहेबा'च्या तलावावरून पडलेले मासाब टँक हे नाव रोज हजारो जणांच्या तोंडी असते, तलाव नाही. जमिनीचे मोल चौरस गजांत ठरू लागले आणि तलाव हा 'रिकामी जागा' ठरला. १३ ऑक्टोबर २०२० रोजी अतिवृष्टीत शहरातील तलाव फुटले, सखल वस्त्या पाण्याखाली गेल्या, तेव्हा पाण्याच्या जुन्या वाटा पुन्हा दिसल्या.

तात्पर्य हे की, काढणाऱ्याला जे जाणून घ्यावयाचे असते, तेच नकाशात उतरते. उरलेले भाषेत, ग्रामनामांत आणि वडीलधाऱ्यांच्या आठवणीत राहते. गौळीगुडा, काचीगुडा, शालीबंडा या भागांत मराठी कुटुंबांच्या पिढ्या नांदल्या. आपल्या वाड्याची विहीर कोठे होती, ओढा कोणीकडून वाहत असे, पुराचे पाणी कोणत्या पायरीपर्यंत चढल्याचे आजी सांगत असे, हे लिहून ठेवणारा कोणी हवा. शंभर वर्षे ग्रंथ सांभाळणाऱ्या या ग्रंथालयाने आता सभासदांकडून अशा आठवणी लिहवून घ्याव्यात आणि त्या एका वहीत जतन कराव्यात. ती वही म्हणजे हैदराबादच्या मराठी माणसाची स्थानपोथी ठरेल.