‘गाय आण’ : एका वाक्याचा मागोवा

माझी भाची सोळा महिन्यांची असताना तिच्या तोंडी एक शब्द बसला होता : ‘चप्पाल’. दाराकडे बोट दाखवून ती तो म्हणायची. आम्हाला वाटायचं, तिला चप्पल हवी आहे. हातात दिली की ती भिरकावून द्यायची आणि पुन्हा ‘चप्पाल’. तिची आजी रोज संध्याकाळी तिला फिरायला नेताना ‘चप्पल घाल’ म्हणते, हे आमच्या डोक्यात शिरायला चार दिवस लागले. त्या पोरीने ‘चप्पल’ वेगळा ऐकलाच नव्हता आणि ‘घाल’ही नाही. तिने अख्खं वाक्य उचललं होतं आणि तिच्या लेखी त्याचा अर्थ एकच होता, बाहेर जायचं.

त्या दिवशी मला मीमांसकांची गाय आठवली.

संस्कृत शास्त्रग्रंथांत एक वाक्य हजाराहून अधिक वर्षं फिरतं आहे : ‘गामानय’, म्हणजे ‘गाय आण’. प्रसंग साधा आहे. अंगणात तीन माणसं असतात. घरातला वडीलधारा, त्याला ‘उत्तमवृद्ध’ म्हणतात. त्याचं ऐकणारा मोठा माणूस, तो ‘मध्यमवृद्ध’. आणि बाजूला भाषा न येणारं एक मूल. वडीलधारा म्हणतो, गाय आण. दुसरा उठतो आणि गळ्याला पोळी लोंबणारं ते जनावर घेऊन येतो. मुलाला एवढंच कळतं की त्या सगळ्या आवाजाचा संबंध या सगळ्या घटनेशी आहे. मग कधीतरी ‘गाय बांध’ ऐकू येतं, कधी ‘घोडा आण’. एक तुकडा तोच राहतो, दुसरा बदलतो. त्याबरोबर जनावर तेच राहतं आणि कृती बदलते, किंवा कृती तीच राहते आणि जनावर बदलतं. या टाकण्या-काढण्याला शास्त्रात ‘आवाप-उद्वाप’ असं नाव आहे. त्यातून मूल ‘गाय’ वेगळी करतं आणि ‘आण’ वेगळं करतं.

गाय या चर्चेत त्याआधीच शिरली होती. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात पतंजलीने महाभाष्याच्या सुरुवातीलाच ‘गौः’ हा शब्द पुढ्यात घेतला आणि विचारलं की यात ‘शब्द’ नेमका कोणता? ते पोळी, शेपूट, वशिंड, खूर, शिंगं असलेलं जनावर म्हणजे तर शब्द नव्हे. त्याच प्रकरणात कुंभाराचा दाखला येतो. घडा हवा असला की माणूस कुंभाराच्या घरी जातो आणि घडा कर म्हणतो. शब्द हवेत म्हणून वैयाकरणाच्या दारात कोणी जात नाही. माणसं मनात अर्थ आणतात आणि थेट बोलायला लागतात. व्याकरणाच्या सर्वांत मोठ्या ग्रंथांपैकी एकाने पहिल्याच प्रकरणात ही कबुली द्यावी, याचं मला फार अप्रूप वाटतं.

पण मूल शिकतं कसं, हे पतंजलीला तिथे सांगायचं नव्हतं. ते मीमांसकांना सांगणं भाग पडलं, कारण त्यांचा सगळा व्यवहार वेदातल्या आज्ञांशी होता. यज्ञ कर, आहुती दे, ही वाक्यं कोणी माणसाने रचलेली नाहीत असं ते मानत. मग शब्द आणि अर्थ यांचं नातं जोडून दिलं कोणी? मीमांसेचा भाष्यकार शबरस्वामी म्हणतो, आपल्या डोळ्यांपुढे बघा. मोठी माणसं आपापल्या कामासाठी बोलत असतात आणि मुलं ते ऐकून अर्थ धरतात. ती मोठी माणसंही कधीतरी मुलं होती, तीही दुसऱ्या मोठ्यांकडून शिकली आणि ते आणखी कोणाकडून. या साखळीला पहिली कडी नाही. मीमांसकांचं मूळ काम वेदाचं प्रामाण्य सिद्ध करण्याचं, पण त्या नादात मुलाच्या भाषाशिक्षणाचं एक चोख निरीक्षण नोंदलं गेलं.

पुढे सातव्या शतकाच्या सुमारास कुमारिल भट्ट आणि प्रभाकर या दोन मीमांसकांची जुंपली, ती याच गाईवरून. कुमारिल म्हणतो, प्रत्येक शब्द आपापला अर्थ सांगतो आणि मग ते अर्थ एकमेकांत गुंफून वाक्याचा अर्थ होतो. त्याचा दाखला सुंदर आहे. लांबवर काहीतरी पांढरं दिसतं, खिंकाळणं ऐकू येतं, टापांचा आवाज येतो, आणि एक शब्दही न उच्चारला जाता मनात येतं की पांढरा घोडा धावतोय. सुटे अर्थ समोर आले की मन त्यांची मोट बांधतं. प्रभाकराला हे पटत नाही. तो म्हणतो, सुटा अर्थ कुठल्याच मुलाने कधी शिकलेला नाही. ‘गाय’ त्याला भेटली ती आणायची गाय म्हणून, बांधायची गाय म्हणून. शब्द अर्थ सांगतो तो दुसऱ्या शब्दाशी जोडलेलाच. वैयाकरण भर्तृहरी त्याच्याही आधी, पाचव्या शतकात, याच्या पुढे गेला होता. त्याच्या मते वाक्य अखंड असतं आणि अर्थ मनात एकदम उजळतो. शब्द, धातू, प्रत्यय हे सगळं नंतर समजावून सांगण्यासाठी केलेले तुकडे आहेत.

‘चप्पाल’ ऐकल्यापासून शिकण्याच्या बाबतीत मी प्रभाकराच्या बाजूची झाले आहे. पण मोठ्या माणसाला पूर्वी कधीच न ऐकलेलं वाक्य क्षणात कळतं, तिथे कुमारिलाशिवाय भागत नाही.

न्यायशास्त्राच्या पंडितांनी, म्हणजे नैयायिकांनी, प्रभाकराला वेगळ्याच ठिकाणी पकडलं. त्याचा भर आज्ञेवर होता, कारण आज्ञा झाली की काहीतरी हलतं आणि ते मुलाला दिसतं. नैयायिक म्हणाले, ‘चैत्रा, तुला मुलगा झाला’ या वाक्यात आणायचं-बांधायचं काहीच नाही, तरी चैत्राचा चेहरा फुलतो आणि बघणाऱ्याला तेवढ्यावरून अर्थ लागतो. माणसाच्या चेहऱ्याकडे बघून भाषा शिकता येते, हे इतक्या साध्या वाक्यात सांगितलेलं मी दुसरीकडे वाचलेलं नाही.

मग ही गाय काव्यशास्त्रात गेली. अकराव्या शतकात काश्मीरच्या मम्मटाने आणि चौदाव्या शतकात ‘साहित्यदर्पण’कार विश्वनाथाने तोच प्रसंग घेतला. सतराव्या शतकात अन्नंभट्टाच्या ‘तर्कसंग्रहा’त ती वाक्याचं उदाहरण म्हणून आली. त्यातच एक गंमतही आहे : ‘गाय’ आत्ता म्हटलं आणि ‘आण’ प्रहराने म्हटलं, तर अर्थ लागत नाही. हे छोटं पुस्तक आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्यांच्या हाती पडलं. मुंबई संस्कृत मालेत १८९७ साली आठल्ये-बोडस यांची आवृत्ती निघाली आणि संस्कृत घेणाऱ्या कॉलेजातल्या मुलांना ही गाय माहीत झाली. मीमांसेच्या बाजूने वाईच्या केवलानंद सरस्वतींनी सात खंडांचा ‘मीमांसाकोश’ सिद्ध केला. वाद कळायचा तर त्याच्या संज्ञा हाताशी हव्यात, आणि ते काम कृष्णाकाठी झालं.

युरोपातही तेच अंगण आहे, पण तिथला प्रसंग निराळा आहे. चौथ्या शतकाच्या अखेरीस संत ऑगस्टिनने आपलं बोलायला शिकणं आठवून लिहिलं. मोठी माणसं एखाद्या वस्तूचं नाव घेत, तिच्याकडे वळत आणि आपण ते लक्षात ठेवत गेलो, असं तो सांगतो. इथे आज्ञा नाही, नाव आणि वस्तू आहे. १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या तत्त्वज्ञ विटगेनश्टाइनच्या पुस्तकाची सुरुवात याच उताऱ्याने होते आणि लगेच तो गवंडी आणि त्याचा मदतनीस पुढे आणतो. गवंडी ‘लादी’ म्हणतो, मदतनीस लादी आणून देतो. ‘तुळई’ म्हणतो, तुळई येते. मीमांसकांचं अंगण व्हिएन्नाच्या माणसाने बांधकामावर नेलं असं वाटावं, इतकं ते जवळचं आहे. त्याने प्रभाकर वाचला होता असं मी म्हणत नाही. भाषा कामात गुंतलेली असताना बघायची ठरवली, की तेच चित्र दिसत असावं.

विसाव्या शतकात अर्थाला काही काळ बाहेर बसावं लागलं. १९५७ साली भाषावैज्ञानिक चॉम्स्कीने व्याकरणशुद्ध पण निरर्थक वाक्य रचून दाखवलं. रंग नसलेल्या हिरव्या कल्पना त्यात त्वेषाने झोपतात. मांडणीचे नियम अर्थावर अवलंबून नाहीत, हा त्याचा मुद्दा. नैयायिकांकडेही असं वाक्य होतं, विस्तवाने शिंपडण्याचं, पण त्यांनी ते ‘योग्यता’, म्हणजे अर्थांचा एकमेकांशी मेळ, नसल्याचं उदाहरण म्हणून बाजूला ठेवलं होतं.

गाईचा प्रसंग प्रयोगशाळेत आला तो २००८ साली. लिंडा स्मिथ आणि चेन यू यांनी बारा आणि चौदा महिन्यांच्या बाळांना एकाच वेळी दोन अनोळखी चित्रं दाखवली आणि दोन अनोळखी शब्द ऐकवले. कुठला शब्द कशाचा, याची काहीच खूण दिली नाही. पुढच्या वेळी जोड्या बदलल्या. काही मिनिटांत बाळं योग्य चित्राकडे जास्त वेळ बघू लागली. आवाप-उद्वाप तो हाच. २०२४ साली तर एका मुलाच्या डोक्यावर कॅमेरा बसवून सहा ते पंचवीस महिने वयात केलेलं, सुमारे ६१ तासांचं चित्रण संगणकाला दाखवलं आणि त्याला बरेच शब्द वस्तूंशी जोडता आले. संगणकाला अंगणातल्या मुलाच्या जागी बसवून बघू दिलं. त्या मुलाला मात्र उठता येतं आणि कोणी हाक मारली तर जाता येतं.

भाचीचा ‘चप्पाल’ फुटला तो दोन महिन्यांनी. आजी म्हणाली, ‘टोपी घाल.’ ती थबकली, टोपीकडे बघितलं, डोक्यावर आडवी ठेवली. मग दारातली माझी चप्पल उचलून म्हणाली, ‘चप्पल.’ त्यात बाहेर जाणं नव्हतं, ती नुसती वस्तू होती. त्यानंतर रोज नवी जोडणी : टोपी दे, चप्पल दे, चप्पल नाही.

दिवाळीत ती बावीस महिन्यांची झाली होती. मी ओट्याशी करंज्या तळत होते. ती पाटावर बसून, पाय हलवत, अगदी आजीच्या सुरात म्हणाली, ‘मावशी, पानी आन.’

मी गॅस बारीक केला आणि पाणी आणलं.