पाणमांजरांचे संरक्षण : समुद्र, खाडी व नदी

पाणमांजर (ऊद, हूद) हा मांसाहारी गणाच्या म्युस्टेलिडी कुलातील जलचर सस्तन प्राणी होय. नावात मांजर असले, तरी त्याचे निकटचे नाते मार्टेन व विझल या प्राण्यांशी आहे. संस्कृतातील ‘उद्र’, इंग्रजीतील ‘ऑटर’ व रशियन भाषेतील ‘विद्रा’ हे शब्द एकाच मुळापासून आलेले असून त्या मुळाचा संबंध पाण्याशी आहे. समुद्री पाणमांजर (एन्हायड्रा ल्यूट्रिस) केवळ उत्तर पॅसिफिक महासागराच्या किनाऱ्यालगत राहते. हिंदी महासागरात ते आढळत नाही. भारतात नद्या, तलाव व खाड्या यांत राहणाऱ्या तीन जाती आहेत. समुद्री जातीची शिकार थांबविल्यावर ती बऱ्याच अंशी सावरली. नदीतील जातींबाबत मात्र केवळ शिकारबंदी पुरेशी ठरलेली नाही. या फरकाची कारणे दोन्हींच्या इतिहासात आहेत.

समुद्री पाणमांजर : नराचे वजन ४५ किग्रॅ.पर्यंत भरते. इतर सागरी सस्तन प्राण्यांप्रमाणे त्याच्या कातडीखाली चरबीचा जाड थर नसतो. थंड पाण्यात त्याचे रक्षण केवळ लव करते. त्याची लव सर्व प्राण्यांत अधिक दाट असून दर चौ. सेंमी.ला केसांची संख्या लाखाच्या वर जाते. जगण्यास आवश्यक असलेली हीच लव त्याच्या संहाराला कारण झाली.

१७४१ मध्ये व्हीटस बेरिंग याच्या मोहिमेतील गेओर्ग व्हिल्हेल्म श्टेलर या निसर्गवैज्ञानिकाने या प्राण्याचे वर्णन केले. मोहिमेतून परतलेल्या खलाशांनी आणलेल्या कातड्यांना मोठी किंमत आल्याने रशियन व्यापारी अल्यूशन बेटांकडे वळले आणि तेथील अल्यूट लोकांना त्यांनी सक्तीने शिकारीस जुंपले. जेम्स कुक याच्या तिसऱ्या सफरीतील खलाशांनी १७७८ मध्ये नूटका येथे घेतलेली कातडी पुढे कँटन येथे चढ्या भावाने विकली गेली. या सफरीचा वृत्तांत १७८४ मध्ये प्रसिद्ध होताच अनेक देशांची जहाजे या व्यापारात उतरली.

या व्यापाराशी मुंबई बंदराचाही संबंध आला. मुंबईतील व्यापारी डेव्हिड स्कॉट याच्या साहाय्याने ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी जेम्स स्ट्रेंज ‘कॅप्टन कुक’ व ‘एक्स्पेरिमेंट’ ही दोन जहाजे घेऊन डिसेंबर १७८५ मध्ये मुंबईहून निघाला व १७८६ मध्ये नूटका येथे पोहोचला. त्याला सुमारे ६०० कातडी मिळाली. तथापि खर्चाच्या मानाने उत्पन्न अल्प ठरून ही मोहीम तोट्यात गेली. इतर देशांच्या व्यापाऱ्यांनी मात्र शिकार चालूच ठेवली.

शिकारीपूर्वी दीड ते तीन लक्ष असावी असा अंदाज असलेली या प्राण्यांची संख्या विसाव्या शतकाच्या आरंभी एकदोन हजारांवर आली. ७ जुलै १९११ रोजी अमेरिकेची संयुक्त संस्थाने, ग्रेट ब्रिटन, रशिया व जपान यांनी केलेल्या करारात मुख्यतः फर-सीलचा विचार होता. पण त्यात समुद्री पाणमांजरालाही संरक्षण मिळाले. १९३८ मध्ये कॅलिफोर्नियाच्या बिग सर किनाऱ्यावर त्यांचा एक लहान कळप लोकांच्या दृष्टीस पडला. १९६० च्या दशकाच्या उत्तरार्धापासून १९७२ पर्यंत अलास्कातील प्राणी आग्नेय अलास्का, ब्रिटिश कोलंबिया, वॉशिंग्टन व ऑरेगन येथे नेऊन सोडण्यात आले. ऑरेगनमधील प्रयत्न फसला, इतर ठिकाणी त्यांची वाढ झाली.

पाणमांजर सागरी अर्चिन खाते व अर्चिन केल्प ही मोठी शैवले खातात; त्यामुळे जेथे पाणमांजर टिकते तेथे केल्पची पाण्याखालील वनेही टिकतात, हे जेम्स एस्टीस व जॉन पामीसॅनो यांनी १९७४ मध्ये दाखवून दिले. शिकार थांबल्यावर हा प्राणी परतू शकला, कारण त्याचे अन्न व त्याचा समुद्र शाबूत होता. याची दुसरी बाजू १९८९ मध्ये दिसली. त्या वर्षी ‘एक्सॉन व्हाल्डीझ’ या तेलवाहू जहाजातून अलास्काच्या किनाऱ्यावर तेल सांडले. तेलाने माखलेली लव ऊब धरू शकत नसल्याने हजारो पाणमांजरे मेली. शिकारबंदी कायम असूनही निवासस्थान दूषित होताच संरक्षण निष्फळ ठरले.

भारतातील जाती : मऊ केसांचे पाणमांजर (ल्यूट्रोगेल पर्स्पिसिलेटा) कुटुंबाने राहते व मुख्यतः मासे खाते. त्याचे वजन ७ ते ११ किग्रॅ. असते. लहान नख्यांचे पाणमांजर (एऑनिक्स सिनेरियस) आकाराने सर्वांत लहान असून खेकड्यांवर जगते. युरेशियन पाणमांजर (ल्यूट्रा ल्यूट्रा) बहुधा एकेकटे हिंडते. तिन्ही जातींना निर्मळ पाणी, मुबलक भक्ष्य आणि बिळांसाठी झाडाझुडपांनी झाकलेला, सहसा वर्दळ नसलेला काठ लागतो.

कोकण व गोवा : समुद्री पाणमांजराच्या किनारी निवासस्थानाशी आपल्याकडे तुलना करता येईल, ती कोकणातील खाड्यांची. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील तिलारी व तेरेखोल यांच्या परिसरात आणि गोव्यात मांडवी नदीतील चोडण बेटाभोवती मऊ केसांचे पाणमांजर आढळते. भरतीओहोटीचे पाणी, कांदळवनातील (तिवरांतील) मासे आणि खाजण जमिनींचे बांध यांवर ते अवलंबून असते. मुंबई उच्च न्यायालयाच्या २००५ मधील आदेशाने महाराष्ट्रातील कांदळवनांच्या तोडीस प्रतिबंध झाला व २०१२ मध्ये राज्याच्या वनविभागात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन झाला. हे उपाय पाणमांजरासाठी योजलेले नव्हते. पण निवासस्थान राखणारे असल्याने त्यांचा लाभ त्यालाही होतो.

नीरा–भीमा खोरे : कोकणात कांदळवनास तरी असे संरक्षण आहे, घाटमाथ्याच्या पूर्वेकडील नद्यांच्या काठांना तेवढेही नाही. बारामती तालुक्यातील कोऱ्हाळे बुद्रुक व त्याच्या परिसरातील गावे नीरा डाव्या कालव्याच्या लाभक्षेत्रात येतात. पावसाळ्यात दुथडी वाहणारी व उन्हाळ्यात डोहांपुरती उरणारी, असे दख्खनच्या नदीचे मूळ रूप होते. उन्हाळ्यात डोहातील मासे हाच पाणमांजराचा आधार. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस निघालेला कालवा, १९२८ मध्ये पूर्ण झालेले भाटघरचे धरण, त्यानंतरचे वीर धरण आणि नदीवरील कोल्हापूर पद्धतीचे बंधारे यांनी हे रूप पालटले. दुष्काळी भागाला पाणी मिळून उसाची शेती उभी राहिली, हा लाभ मोठा आहे. त्याबरोबरच नदीतील नैसर्गिक प्रवाह घटला, वाळू उपशाने काठ ढासळले आणि शेतातील कीटकनाशके, कारखान्यांचे मळीमिश्रित पाणी व गावांचे सांडपाणी नदीत येऊ लागले.

नीरा इंदापूर तालुक्यातील नीरा-नरसिंहपूर येथे भीमेस मिळते. भीमेवरील उजनी धरण १९८० मध्ये पूर्ण झाले. त्याच्या विस्तीर्ण जलाशयात मासेमारी वाढली. अशा जलाशयात पाणमांजराला भक्ष्य मिळते. पण तेथेच ते जाळी फाडते आणि मच्छीमारांच्या रोषाला पात्र होते. इंदापूर परिसरात युरेशियन पाणमांजर आढळल्याची नोंद २०२० नंतरच्या वर्षांत झाली आहे. इतक्या बदललेल्या मुलखातही हा प्राणी वाट काढतो, हे या नोंदीवरून दिसते.

कायदा व त्याची मर्यादा : वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ अन्वये पाणमांजराची शिकार व कातड्याचा व्यापार निषिद्ध आहे. वन्य प्राणी व वनस्पती यांच्या व्यापारासंबंधीच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या पहिल्या परिशिष्टात युरेशियन जाती पूर्वीपासूनच होती. २०१९ मध्ये उरलेल्या दोन भारतीय जातींचाही त्यात समावेश झाला. कागदोपत्री हे संरक्षण १९११ च्या कराराहून अधिक कडक आहे.

केवळ शिकारबंदीने काय साधते, हे इंग्लंडच्या अनुभवावरून कळते. तेथे १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धापासून नद्यांतील पाणमांजरे झपाट्याने घटली. डील्ड्रिनसारखी कीटकनाशके माशांवाटे त्यांच्या शरीरात साचणे हे मुख्य कारण होते. शिकारबंदी १९७८ मध्ये झाली. परंतु ती विषारी द्रव्ये वापरातून गेल्यावर व नद्या सुधारल्यावरच हा प्राणी पसरू लागला. २०११ मध्ये तो इंग्लंडच्या सर्व परगण्यांत असल्याचे जाहीर झाले.

समुद्री पाणमांजराला मुख्यतः शिकाऱ्यापासून वाचवावयाचे होते; तेथे चार राष्ट्रांचा करार उपयोगी पडला. नीरा-भीमेच्या काठी प्राण्याला इजा करणारी कृत्ये अनेक व नित्याची असून त्यांतील बरीचशी कायदेशीरही आहेत. म्हणून उन्हाळ्यात नदीपात्रात किमान प्रवाह व डोह राखणे, सांडपाणी शुद्ध करून सोडणे, काठाचा काही भाग वाळू उपसा व नांगरट यांपासून मोकळा ठेवणे आणि जाळ्यांच्या नुकसानीची भरपाई देणे हे येथील संरक्षणाचे खरे उपाय होत. पाणमांजरासाठी राखलेले पाणी हे त्याच नदीवर जगणाऱ्या गावांचेही पाणी असते.