निरंक

शासकीय पत्रव्यवहारात ज्याने हयात घालवली आहे, त्याला 'निरंक' या शब्दाची ओळख करून देण्याची आवश्यकता नाही. इतर वाचकांसाठी सांगतो. वरिष्ठ कार्यालयाने विहित नमुन्यात माहिती मागवावी आणि कळवण्यासारखे काही नसेल, तर रकान्यात 'निरंक' असे लिहून नमुना परत पाठवावा, अशी आपल्याकडे रीत आहे. शब्द मोठा सोयीचा आहे. त्यातून 'घडले नाही' असाही अर्थ निघतो आणि 'आम्ही पाहिले नाही' असाही.

या शब्दाची आठवण मला मागील वर्षी बंगळूरच्या महादेवपुरा भागात, एका रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागाबाहेर बसलो असता झाली. माझे थोरले बंधू दूरवाणीनगरच्या टेलिफोन कारखान्यातून निवृत्त होऊन तिकडेच स्थायिक झाले आहेत. ते आले तेव्हा महादेवपुरा हे शहराबाहेरचे गाव होते. पुढे तेथे स्वतंत्र नगरपरिषद आली, २००७ मध्ये ती बृहत् बंगळूर महानगरपालिकेत विलीन झाली, आणि आज बाह्यवळण मार्गावरील काचेच्या इमारतींमुळे जुने गाव शोधूनही सापडत नाही. दादांची हृदयशस्त्रक्रिया उत्तम पार पडली होती. परंतु मधुमेह जुना असल्याने त्यांना अपेक्षेपेक्षा अधिक दिवस कृत्रिम श्वसनयंत्रावर ठेवावे लागले. दहाव्या दिवशी ताप आला. तपासणीचा अहवाल दाखवताना तरुण डॉक्टरांनी एक नाव उच्चारले, जे मला आधी जिवाणूचे वाटलेच नाही : एलिझाबेथकिंगिया.

निरोगी माणसाला सहसा काहीही न करणारा हा जिवाणू माती-पाण्यात असतो; रुग्णालयात नळाच्या तोट्या आणि हात धुण्याची बेसिने ही त्याची आवडती ठिकाणे. दुबळ्या शरीरात नळी, सुई वा यंत्रामार्गे वाट मिळाली, की तो संधी साधतो. अशा संसर्गांना संधिसाधू म्हणतात. (आमच्या खात्यात हा शब्द वेगळ्या अर्थाने प्रचलित आहे, ते असो.) डॉक्टर म्हणाले, "कार्बापेनेम गटातली भारी औषधे याच्यावर चालत नाहीत, ती फोडून टाकणारे विकर याच्यात उपजतच असते. जुन्या औषधांपैकी एखादे लागू पडते का, ते पाहू." मी विकराचा प्रकार विचारला. ते म्हणाले, "मेटॅलो-बीटा-लॅक्टमेज." हा शब्द मी पूर्वी एकदा, २०१० साली, एका नस्तीत वाचला होता.

त्या नस्तीकडे वळण्यापूर्वी एलिझाबेथबाईंविषयी लिहिले पाहिजे. एलिझाबेथ किंग या अमेरिकेतील अटलांटा येथील रोगनियंत्रण केंद्राच्या प्रयोगशाळेत काम करीत. देशभरातील प्रयोगशाळांना ज्यांची ओळख पटत नसे, असे नमुने त्यांच्याकडे येत. ज्या कागदाचा विषय कोणत्याच शाखेत बसत नाही, तो ज्या टेबलावर जाऊन पडतो, ते टेबल सांभाळणाऱ्या माणसाची योग्यता मी जाणतो. किंगबाईंनी हे अनोळखी नमुने फेकले नाहीत, की जवळच्या एखाद्या ज्ञात नावाखाली दडपले नाहीत. गुणधर्म तपासून त्यांनी त्यांचे गट पाडले. नवजात बालकांच्या मेंदुज्वराशी संबंधित अशा एका गटाचे वर्णन त्यांनी १९५९ मध्ये प्रसिद्ध केले. १९६६ मध्ये त्यांचे निधन झाले. त्यांच्या जिवाणूचे कुळ १९९४ मध्ये एकदा बदलले आणि २००५ मध्ये त्याला स्वतंत्र कुळ देऊन त्यांचेच नाव देण्यात आले. एका घातक जिवाणूला आपले नाव मिळणे हा त्या क्षेत्रात गौरव समजला जातो.

आता ती नस्त. डिसेंबर २००७ मध्ये दिल्लीत रुग्णालयात राहून स्वीडनला परतलेल्या भारतीय वंशाच्या एका रुग्णाच्या लघवीत, जानेवारी २००८ मध्ये, कार्बापेनेमला न जुमानणारा क्लेब्सिएला जिवाणू सापडला. त्यातील नव्या विकराला संशोधकांनी 'न्यू दिल्ली मेटॅलो-बीटा-लॅक्टमेज' असे नाव दिले, संक्षेपाने एनडीएम-१. एलिझाबेथकिंगियाचे विकर त्याच्या स्वतःच्या घरचे असते. एनडीएमचे जनुक मात्र एका जिवाणूकडून दुसऱ्याकडे सहज जाऊ शकते, आणि भीती होती ती याचीच.

मार्च २०१० मध्ये मुंबईच्या हिंदुजा रुग्णालयातील डॉक्टरांनी भारतीय वैद्यांच्याच नियतकालिकात आपले निष्कर्ष छापले. कार्बापेनेमला दाद न देणाऱ्या २४ नमुन्यांपैकी २२ मध्ये हे विकर होते. त्याच अंकात चेन्नईचे डॉ. अब्दुल गफूर यांनी प्रतिजैविकांचा मृत्युलेख लिहिला होता. ही आपल्या माणसांनी, आपल्याच रुग्णांच्या काळजीपोटी केलेली नोंद होती. तिची दखल कोणत्याही मंत्रालयाने घेतल्याचे मला आठवत नाही. ऑगस्टमध्ये मात्र 'लॅन्सेट' समूहाच्या नियतकालिकात चेन्नई, हरियाणा आणि ब्रिटन येथील नमुन्यांवरील लेख आला, त्यात उपचारांसाठी भारतात येणाऱ्यांना सावधगिरीचा इशारा होता, आणि एकच गदारोळ उडाला. संसदेत पडसाद उमटले. वैद्यकीय पर्यटन बुडवण्याचा हा डाव आहे, असे म्हटले गेले. नावाविषयीचा राग मी समजू शकतो. तथापि व्हेरोना, साओ पाउलो, सोल या शहरांची नावेही अशाच विकरांना त्याआधी मिळाली होती. जानेवारी २०११ मध्ये 'लॅन्सेट'च्या संपादकांनी नावाबद्दल दिलगिरी व्यक्त केली, आणि आपण जिंकलो असे आम्हाला वाटले.

मी त्या वेळी एका विभागात अवर सचिव होतो. सभागृहात प्रश्न येणार म्हणून क्षेत्रीय कार्यालयांना तातडीचे फॅक्स गेले : असा रुग्ण आढळला काय? दोन दिवसांत सर्व नमुने परत आले. सर्व निरंक. हे विकर ओळखण्याची सोय यांतील किती ठिकाणी आहे, असा उपप्रश्न मी टिप्पणीत लिहिला होता. 'मुद्दा प्रस्तुत नाही' असा शेरा येताच तो मीच खोडला आणि उत्तराचा मसुदा केला : "अशा प्रकारचा रुग्ण आढळल्याची नोंद नाही." वाक्यात असत्य काही नव्हते. मसुदा पहिल्याच फेरीत मंजूर झाला, याचा मला त्या दिवशी आनंदही झाला होता.

नाव घेण्याची ही भीती जुनी आहे. सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईत मांडवी भागात डॉ. अकाशियो व्हिएगस यांनी गाठीच्या प्लेगचे निदान केले, तेव्हाही सरकारी कागदांत 'प्लेग' हा शब्द लिहिण्यास हात धजावत नव्हते. बंदराचा व्यापार त्यावर अवलंबून होता. काही महिन्यांतच, १८९७ च्या फेब्रुवारीत, साथरोग कायदा करावा लागला; त्याच्या अंमलबजावणीत पुण्यात काय घडले हे मराठी वाचकास सांगणे नको. १८९८ च्या ऑगस्टमध्ये प्लेग बंगळूरला पोहोचला.

याउलट उदाहरण एलिझाबेथकिंगियाचेच आहे. २०१५-१६ मध्ये अमेरिकेतील विस्कॉन्सिन राज्यात या जिवाणूचे ६३ निश्चित रुग्ण आढळले, त्यांपैकी १८ दगावले. राज्याचे आरोग्य खाते आकडे वेळोवेळी जाहीर करीत राहिले. मृत्यू जिवाणूमुळे की मूळ आजारामुळे, हे सांगता येत नाही, हेही त्यांनी सांगितले. पुष्कळ शोध घेऊनही उगम सापडला नाही. तेही जाहीर केले. 'सापडले नाही' असे लिहून खाली सही करणे किती कठीण असते, हे मी जाणतो.

आपल्याकडे काहीच झाले नाही असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. एप्रिल २०११ मध्ये दिल्लीच्या पिण्याच्या पाण्याच्या ५० पैकी २ नमुन्यांत एनडीएम-१ चे जनुक आढळले, त्यावरही पुन्हा वाद झाला. परंतु त्याच वर्षी प्रतिजैविकांविषयीचे पहिले राष्ट्रीय धोरण आले. २०१२ मध्ये डॉ. गफूर व त्यांच्या सहकाऱ्यांनी चेन्नई जाहीरनामा तयार केला. मार्च २०१४ पासून 'एच-१' अनुसूची लागू झाली. तीनुसार ठरावीक औषधे विकताना डॉक्टर व रुग्णाचे नाव वेगळ्या वहीत लिहून ती वही तीन वर्षे जपायची आहे. २०१७ मध्ये राष्ट्रीय कृती आराखडा झाला, आणि २०१९ मध्ये पशुपालनात कोलिस्टिनच्या वापरावर बंदी आली. कोपऱ्यावरच्या दुकानात ती वही कितपत भरली जाते, याची तपासणी वाचकांनी स्वतःच करून पाहावी.

दादांना एक जुने औषध लागू पडले. डॉक्टरांनी दरम्यान विभागातील बेसिनांचे नमुने घेतले होते. एका तोटीत जिवाणू सापडला आणि ती त्याच दिवशी बदलली, असे त्यांनी आम्हाला आपणहून सांगितले. मी त्यांचे आभार मानले, ते कशासाठी, हे त्यांना बहुधा कळले नसावे.

पाचव्या आठवड्यात घरी परतताना दादांनी गाडीत चष्मा लावून सुटीचा कागद वाचला. दुसऱ्या पानावर थांबले आणि म्हणाले, "अरे, ही एलिझाबेथ कोण?" महादेवपुऱ्यापासून दूरवाणीनगरापर्यंत संध्याकाळची वाहतूक तुंबलेली होती, तेव्हा अटलांटापासून मुंबईपर्यंत सारे सांगून झाले. दादांनी ते ऐकून घेतले, आणि मग विचारले, "आणि तुझ्या त्या नमुन्यांतला एखादा तरी कोणी पुन्हा तपासला का?"

मी नाही म्हणालो.